लांब पायांचा पेंग्विन: काफिया खाडीतल्या एका सांगाड्याचं प्रकरण (२००६ ते २०२१)

पार्श्वभूमी

न्यूझीलंडच्या उत्तर बेटाच्या पश्चिम किनाऱ्यावर काफिया नावाची मोठी, उथळ खाडी आहे. नाव माओरी, उच्चार गझलेतल्या काफियाच्या अगदी जवळचा. जीवाश्म शोधणाऱ्यांना ही जागा माहीत असते ती जुरासिक काळातल्या ॲमोनाइटांमुळे, म्हणजे गुंडाळीदार कवचाच्या नामशेष सागरी जीवांमुळे. पण खाडीच्या परिसरात त्याहून बरेच नवे, साधारण तीन कोटी वर्षांपूर्वीच्या ऑलिगोसीन काळातले सागरी थरही उघडे पडलेले आहेत. त्यांतल्या एका थरसमूहाला ग्लेन मॅसी फॉर्मेशन म्हणतात. हा गाळ साचत होता तेव्हा आजच्या न्यूझीलंडचा बहुतेक भाग पाण्याखाली होता. म्हणजे पेंग्विनांना पोहायला समुद्र भरपूर आणि उभं राहायला जमीन थोडी.

२००६ साली हॅमिल्टन ज्युनियर नॅचरलिस्ट क्लबची शाळकरी मुलं या खाडीत जीवाश्म शोधायला गेली. बरोबर क्लबमधला जीवाश्मांचा जाणकार होता. तिथल्या खडकात त्यांना एका प्रचंड पेंग्विनची हाडं दिसली. पंधरा वर्षांनी, २०२१ मध्ये, याच सांगाड्यावरून एका नव्या प्रजातीला नाव मिळालं: काइरुकू वाएवाएरोआ. माओरीत ‘वाएवाए’ म्हणजे पाय आणि ‘रोआ’ म्हणजे लांब.

मुलांची, पालकांची आणि क्लबमधल्या मोठ्या माणसांची नावं इथे मुद्दाम दिलेली नाहीत. तसंच, हाडं काढण्याच्या आणि साफ करण्याच्या ज्या पायऱ्या पुढे सांगितल्या आहेत त्या या कामाच्या सर्वसाधारण रीती आहेत. काफियात प्रत्येक पायरी तंतोतंत अशीच पार पडली, असा त्याचा अर्थ घेऊ नये.

अडचण नेमकी कोणती

खडकात हाड दिसणं ही नवलाची गोष्ट आहे, पण एकटं हाड फार काही सांगत नाही. पेंग्विनांच्या बाबतीत हे फार जुनं दुखणं आहे. जगात सर्वांत आधी नाव मिळालेला जीवाश्म पेंग्विन म्हणजे पॅलिऊडिप्टिस अंटार्क्टिकस. ब्रिटिश जीवशास्त्रज्ञ थॉमस हेन्री हक्सली यांनी १८५९ मध्ये त्याचं वर्णन केलं, तेही दक्षिण बेटावरच्या काकानुई भागातल्या पायाच्या एकाच हाडावरून. घोटा आणि बोटं यांच्या मधलं हे हाड, टार्सोमेटाटार्सस. पुढे जो कुठला मोठा पेंग्विन सापडेल त्याची या हाडाशी तुलना करायची, तर त्या नव्या सांगाड्यातही नेमकं हेच हाड शाबूत असायला हवं. नसेल तर तुलनाच थांबते. त्यामुळे मोठ्या पेंग्विनांची कितीतरी सुटी हाडं वर्षानुवर्षं याच नावाखाली ढकलली गेली.

काफियाचा सांगाडा वेगळा होता, कारण एकाच पक्ष्याची बरीच हाडं एकत्र होती. आजवर सापडलेल्या महाकाय पेंग्विनांच्या सर्वांत पूर्ण सांगाड्यांमध्ये त्याची गणना होते. खरी दौलत कुठलं एक हाड नव्हे, ही हाडं एकाच प्राण्याची आहेत ही खात्री होती. पंख पायाच्या मानाने केवढा, मांडी नडगीच्या मानाने केवढी, हे प्रमाण एकाच देहात मोजता येणार होतं. पुढच्या प्रत्येक निर्णयाची कसोटी एकच: ही खात्री टिकते का.

ती मोडणं फार सोपं असतं. सहलीला दहा-पंधरा मुलं, प्रत्येकाच्या हातात हातोडी, आणि ‘माझं हाड’ घरी न्यायची स्वाभाविक ओढ. एक तुकडा एकाच्या दप्तरात, दुसरा दुसऱ्याच्या टेबलावर गेला की पाच वर्षांत कुठला तुकडा कुठून आला हे कुणालाच सांगता येत नाही. असे वाटले गेलेले सांगाडे पुन्हा जुळत नाहीत.

पहिला निर्णय: आत्ताच काढायचं की परत यायचं

सापडल्या दिवशी समोर तीन वाटा असतात. दिसेल तेवढं छिन्नी-हातोडीने लगेच काढणं. फोटो काढून, जागेची नोंद करून तसंच सोडणं. किंवा नोंद करून परत जाणं आणि तयारीनिशी येणं.

पहिली वाट मोहाची. खाडीकाठच्या खडकावर दिवसातून दोनदा भरती येते, लाटांबरोबर वाळू घासते, हाडाची कड रोज थोडी झिजते. तेव्हा ‘आज नाही काढलं तर जाईल’ हे म्हणणं पोकळ नसतं. पण तीन-एक कोटी वर्षं दगडात राहिलेलं हाड दगडाहून ठिसूळही असू शकतं. छिन्नीचा घाव खडकातून जातो आणि भेग सर्वांत कमकुवत जागा शोधते. ती जागा बहुतेक वेळा हाड आणि खडक यांच्या मधली सीमा असते, किंवा हाडच. शिवाय वरून दिसणारं हाड आत कुठवर गेलंय, त्याखाली दुसरं आडवं पडलंय का, हे घाईत कळत नाही.

क्लबने तिसरी वाट धरली. शोधाची फेरी एक आणि सांगाडा वाचवून बाहेर काढण्याची मोहीम वेगळी. या दुसऱ्या फेरीसाठी पालकांनी आणि स्वयंसेवकांनी वेळ आणि साधनं दिली. सगळ्या प्रकरणात मला हा निर्णय सर्वांत मोलाचा वाटतो. मुलांच्या क्लबला तो सुचला आणि पेलला, याचं कौतुक करावं तेवढं थोडं.

अशी दुसरी फेरी ठरवताना काम कसं चालतं ते थोडं सविस्तर सांगायला हवं.

आधी भरती-ओहोटीचं वेळापत्रक. एका ओहोटीत कामाचे तास मोजकेच मिळतात. अर्धवट कापलेला ठोकळा पाण्याखाली गेला तर कापाच्या फटीत वाळू बसते आणि सैल झालेलं हाड वाहून जातं. म्हणून एका ओहोटीत पुरा होईल एवढाच भाग हाती घ्यायचा.

मग मोजपट्टी आणि उत्तर दिशेचा बाण ठेवून वरून सरळ फोटो, त्यावर प्रत्येक दिसणाऱ्या हाडाला आकडा. हाच आकडा पुढे ठोकळ्यावर, डब्यावर आणि वहीत. ठोकळ्याची वरची बाजू कोणती, हेही खडकावरच लिहायचं. उलटलेल्या ठोकळ्यात सांगाड्याची मांडणी आरशातल्यासारखी वाचली जाते आणि डावं-उजवं बदलतं.

उघड्या हाडाला आधी मजबुती द्यावी लागते आणि इथे समुद्रकाठी हमखास चूक होते. संग्रहालयांत नेहमी वापरतात ते पॅरालॉइड बी-७२ (एक ॲक्रिलिक राळ) ॲसिटोनमध्ये विरघळवून लावतात; पातळ, साधारण ५ टक्क्यांच्या आसपास, म्हणजे ते हाडात मुरतं. पण ओल्या हाडावर ते मुरत नाही, वरच्यावर दुधाळ पांढरा थर बसतो आणि आतलं हाड तसंच भुसभुशीत राहतं. हाड वाळवता येत नसेल तर पाण्यात मिसळणारं ॲक्रिलिक द्रावण वापरायचं, किंवा काहीच न लावता ओलंच गुंडाळून न्यायचं.

त्यानंतर ठोकळा. हाडांपासून चांगला हात-वीतभर लांबून चर काढायचे, बाजू खालून आत कोरत न्यायच्या, म्हणजे ठोकळा जाड देठावर उभ्या छत्रीसारखा दिसतो. हाडावर ओल्या टिश्यू कागदाचे थर, त्यावर प्लास्टरमध्ये बुडवलेल्या गोणपाटाच्या पट्ट्या. कागद विसरला की प्लास्टर हाडाला चिकटतं आणि सोडवताना हाडाचा पापुद्रा घेऊन निघतं. प्लास्टर कडक झालं की देठ तोडून ठोकळा उलटायचा. सर्वांत जास्त नुकसान या उलटण्याच्या क्षणी होतं, कारण खाली पुरेसं कोरलेलं नसलं तर खडक मध्येच फाटतो.

घरी आणल्यावर मीठ. समुद्राच्या पाण्यात भिजलेलं हाड वाळलं की आतल्या मिठाचे स्फटिक वाढतात आणि हाडाचे पापुद्रे सुटतात. आज ठणठणीत दिसणारं हाड दोन वर्षांनी पीठ होऊन डब्याच्या तळाशी सापडतं ते यामुळे. गोड्या पाण्यात ठेवून, पाणी पुन्हा पुन्हा बदलून, मग सावकाश सावलीत वाळवणं हा उपाय. त्याला आठवडे लागतात.

दुसरा निर्णय: ताबा कुणाकडे

हा निर्णय कागदोपत्री वाटतो, पण नावाचा सगळा डोलारा त्याच्यावर उभा आहे. प्राण्यांच्या शास्त्रीय नावांच्या आंतरराष्ट्रीय संहितेप्रमाणे नव्या प्रजातीसाठी एक नमुना प्रमाण म्हणून नेमावा लागतो, त्याला होलोटाइप म्हणतात. तो कोणत्या संग्रहात आहे वा ठेवला जाणार आहे आणि तो संग्रह कुठे आहे, हे प्रजातीचं नाव जाहीर करतानाच छापावं लागतं. पुढे शंका आली तर कुणालाही तो पाहता यावा, हा त्यामागचा हेतू. एखाद्याच्या गॅरेजमधल्या, कितीही जपलेल्या हाडांवर म्हणूनच कुणी जबाबदार अभ्यासक प्रजाती उभी करत नाही.

पर्याय चार होते: क्लबकडेच ठेवणं, जीवाश्म पेंग्विनांच्या अभ्यासाची परंपरा असलेल्या दक्षिण बेटावर पाठवणं, परदेशी तज्ज्ञांकडे पाठवणं, किंवा जवळच्या सार्वजनिक संग्रहालयाला देणं. परदेशाची वाट तशीही सरळ नव्हती. न्यूझीलंडमध्ये महत्त्वाचे जीवाश्म देशाबाहेर न्यायला संरक्षित वस्तूंच्या कायद्याखाली परवानगी लागते.

२०१७ मध्ये क्लबने सांगाडा हॅमिल्टनच्याच वायकाटो संग्रहालयाला दिला. त्यामुळे हाडं ज्या भागात सापडली तिथेच राहिली, शोधणाऱ्या मुलांना ती पाहायला मिळत राहिली आणि नोंदणीकृत संग्रहाची अटही पुरी झाली.

शोध आणि देणगी यांच्यात अकरा वर्षं गेली. हा काळ कमी करता आला असता का? माझ्या मते हो. सांगाडा बाहेर काढायच्या आधीच ‘निघाल्यावर तो कुठे जाणार’ याचं एक पानी पत्र संग्रहालयाबरोबर करता येतं. त्याने हाडं साफ करण्याचा खर्च कोण करणार, मुलांची नावं फलकावर येणार का, प्रतिकृती मिळणार का, हे प्रश्न उत्साह ताजा असतानाच सुटतात.

तिसरा निर्णय: किती साफ करायचं, किती स्कॅन करायचं

हाड खडकातून पूर्ण मोकळं केलं तर सगळ्या बाजूंनी मोजता येतं, पण हाडांची एकमेकांशी असलेली जागा नाहीशी होते आणि प्रत्येक तासागणिक मोडतोडीचा धोका वाढतो. हवेच्या दाबावर चालणाऱ्या बारीक टोचणीने काम करताना टोक हाडाला एकदा लागलं की ती खूण कायमची. चुनखडीयुक्त खडक ५ ते १० टक्के ॲसेटिक आम्लात विरघळवण्याचीही रीत आहे. त्यात उघडं पडलेलं हाड दर फेरीनंतर धुऊन, वाळवून, त्यावर पॅरालॉइडचा थर द्यावा लागतो, नाहीतर आम्ल हाडालाही पोखरतं.

ऑकलंडमधल्या मॅसी विद्यापीठाचे आणि अमेरिकेतल्या ब्रूस संग्रहालयाचे अभ्यासक वायकाटो संग्रहालयात गेले आणि त्यांनी हाडांचं थ्रीडी स्कॅनिंग केलं. मग जगभरच्या पेंग्विन-हाडांच्या डिजिटल नमुन्यांशी त्यांची तुलना केली. एरवी अशी तुलना म्हणजे हाड पेटीत घालून विमानाने पाठवणं किंवा स्वतः देशोदेशी हिंडणं. इथे मूळ नमुना जागचा हलला नाही.

स्कॅनिंगलाही मर्यादा आहेत. पृष्ठभागाचा स्कॅनर फक्त दिसणारं टिपतो. खडकात बुडालेली बाजू त्याला दिसत नाही. लांबच लांब काळ गाळाखाली दबलेलं हाड चेपलेलं असेल तर स्कॅन ते चेपलेलंच दाखवतो, आणि पडद्यावरचं देखणं मॉडेल पाहून आपण ते विसरतो. म्हणून चेपलेल्या टोकांची मापं तुलनेतून वगळायची, आणि प्रत्येक हाडाची निदान दोन मापं कॅलिपरने घेऊन मॉडेलशी ताडून पाहायची.

चौथा निर्णय: जुनं नाव की नवं

काइरुकू ही प्रजातींची जात (जीनस, म्हणजे जवळच्या नात्यातल्या प्रजातींचा गट) २०१२ मध्ये दक्षिण बेटावरच्या सांगाड्यांवरून उभी राहिली. तिच्या नावाचा माओरीतला अर्थ साधारण ‘बुडी मारून अन्न घेऊन येणारा’. तिच्या दोन प्रजाती, काइरुकू वाइटाकी आणि काइरुकू ग्रेबनेफी, सुमारे २.७ ते २.५ कोटी वर्षांपूर्वीच्या. लांब निमुळती चोच, सडपातळ धड, लांब पंख, पण पाय आखूड आणि जाड, असं त्यांचं वर्णन होतं.

काफियाचा पक्षी एकूण ठेवणीत याच घरातला निघाला. फरक होता पायांत. मांडीचं हाड आणि त्याखालचं नडगीचं हाड त्या दोघांच्या मानाने लांब.

इथे थोडं थांबून पेंग्विनच्या पायाकडे पाहायला हवं. मुंबईत राणीच्या बागेतले हंबोल्ट पेंग्विन ज्यांनी पाहिले आहेत त्यांना पेंग्विनला पाय जवळजवळ नाहीतच असं वाटलं असेल. ते खरं नाही. गुडघा पिसांच्या आत, पोटाला लागून दुमडलेला असतो आणि मांडी पूर्ण झाकलेली. बाहेर दिसतो तो घोट्याखालचा तोकडा भाग, म्हणजे हक्सली यांच्याकडे होतं तेच हाड. त्यामुळे ‘लांब पाय’ म्हटल्यावर बगळ्यासारखा पक्षी डोळ्यांपुढे आणू नये. लांबी वाढली ती मुख्यतः झाकलेल्या भागात. तिने पूर्ण धडच उंच उचललं.

आणि ही लांबी सिद्ध कशी झाली? त्याच पक्ष्याचा पंखही हाताशी होता म्हणून. नुसतं लांब नडगीचं हाड सापडलं असतं तर ते थोराड पक्ष्याचं म्हणून सहज सोडून दिलं असतं. पंखाच्या हाडाशी ताडल्यावर कळतं की पक्षी सगळ्याच बाजूंनी मोठा नाही, पाय जास्त लांब आहेत. सांगाडा एकत्र राहिला नसता तर ‘वाएवाएरोआ’ हे नाव सुचलंच नसतं.

उंचीचा आकडा

चोचीच्या टोकापासून पायाच्या टोकापर्यंत ताणून धरला तर १.६ मीटर, आणि उभा असताना सुमारे १.४ मीटर. दोन्ही आकडे बरोबर आहेत, फक्त मोजण्याची रीत वेगळी. पेंग्विन उभा राहतो तेव्हा गुडघा मुडपलेला आणि मान इंग्रजी एस अक्षरासारखी वळलेली असते. बातम्यांमध्ये हे दोन आकडे सर्रास एकमेकांच्या जागी येतात आणि मग दोन प्रजातींच्या उंचीची तुलना फसते. आजचा सर्वांत मोठा, सम्राट पेंग्विन, उभा साधारण १ ते १.२ मीटर; राणीच्या बागेतला हंबोल्ट सुमारे ७० सेंटिमीटर. काफियाचा पक्षी आठ-नऊ वर्षांच्या मुलीच्या खांद्याला नव्हे, तिच्या डोक्याच्याही वर आला असता.

निष्पत्ती

सप्टेंबर २०२१ मध्ये सिमोने जोव्हानार्दी, डॅनियल सेप्का आणि डॅनियल थॉमस यांनी पृष्ठवंशीय जीवाश्मांना वाहिलेल्या एका नियतकालिकात प्रजातीचं वर्णन प्रसिद्ध केलं. काळ: ३.४६ ते २.७३ कोटी वर्षांपूर्वी. याने काइरुकूचा पसारा दक्षिण बेटावरून सुमारे ८०० किलोमीटर उत्तरेकडे सरकला आणि काळही मागे गेला. महाकाय पेंग्विनांचे न्यूझीलंडमधले बहुतेक जीवाश्म दक्षिण बेटावरच्या ओटागो आणि कँटरबरीतून आलेले. काफिया ज्या प्रांतात आहे त्या वायकाटोचं नाव या नकाशावर ठळक झालं ते या सांगाड्याने. लांब पायांमुळे पोहण्याच्या वेगात किंवा बुडी मारण्याच्या खोलीत फरक पडला असेल, असं अभ्यासकांनी सुचवलं आहे.

काय वेगळं करता येईल

वयाचा अंदाज पाहा: दोन टोकांत ७३ लाख वर्षांचं अंतर. ही न्यूझीलंडच्या कालगणनेतल्या व्हाइंगारोआन नावाच्या पूर्ण टप्प्याची लांबी आहे. सांगाडा या टप्प्याच्या सुरुवातीचा की शेवटचा, यावर तो दक्षिण बेटावरच्या दोघांचा फार दूरचा पूर्वज-नातलग की जवळचा, हे बरंच अवलंबून आहे. अशा जागी हाडाभोवतीचा मूठभर गाळ हाडाइतकाच जपायला हवा. त्यातल्या फोरामिनिफेरा या सूक्ष्म सागरी जीवांच्या कवचांवरून टप्प्याचा कोणता भाग हे सांगता येण्याची शक्यता असते. निदान तीन नमुने घ्यावेत: हाडाला चिकटलेला, त्याच थरातला मीटरभर बाजूचा आणि थोडा खालचा. प्रत्येकी अर्धा किलो पुरतो. झिपच्या पिशवीत, आत-बाहेर दोन चिठ्ठ्या, शाई पाण्याने न पसरणारी. ठोकळा साफ करताना निघालेली खडकाची पूडही टाकू नये. उशिरा सुचलं तरी ती नमुना म्हणून उपयोगी पडते.

दुसरी गोष्ट वहीची. हाडांचे आकडे टाकलेला मूळ फोटो एकाच फोनमध्ये किंवा एकाच माणसाच्या संगणकात राहिला तर पंधरा वर्षांत तो हरवणारच. कागदावरची एक प्रत ठोकळ्याच्याच पेटीत ठेवावी.

तिसरी, मुलांच्या वाट्याची. प्रत्येकाला एक हाड हवं असतं आणि ती हौस मोडून टाकावी असं मुळीच नाही. काफियात स्कॅनच्या फायलींवरून सांगाड्याची थ्रीडी प्रिंट काढून क्लबला देण्यात आली. मूळ सांगाडा संग्रहालयात अखंड, आणि क्लबच्या नव्या मुलांना हातात धरायला प्रतिकृती. छापलेल्या हाडाची लांबी छापण्याच्या द्रव्यानुसार किंचित आकसू शकते, म्हणून तिच्यावर ‘प्रतिकृती’ असं आणि मूळ नमुन्याची लांबी मिलिमीटरमध्ये कोरून ठेवावी, नाहीतर वीस वर्षांनी कुणीतरी प्रतिकृतीच मोजायला घेईल.